फोटो शृंगारिक असेल तर खाली काय लिहायचं आणि काय गाळायचं

एक फोटो आहे, ब्लॅक अँड व्हाइट. डावीकडच्या खिडकीतून उजेड येतोय, बाई पाठमोरी बसलीय, केस ओले आहेत आणि ती ते पंच्याने पुसतेय, कंबरेपर्यंत अंगावर काही नाही आणि कंबरेला परकराच्या नाडीचा वळ उठलेला आहे, दिवसभर नाडी आवळून बांधली की उठतो तो, आपल्याकडच्या बायकांना वेगळं सांगायला नको. फोटोग्राफर माझा मित्र, मॉडेल चाळिशी ओलांडलेली शिक्षिका, आणि प्रदर्शनाच्या कॅटलॉगचा मराठी मजकूर माझ्याकडे. मी दोन साध्या ओळी लिहून दिल्या होत्या. छपाईला जाता जाता कोणालातरी त्या सपक वाटल्या आणि छापून आलं ते असं: "ओलेत्या केसांच्या मादक मोहिनीची घायाळ करणारी पाठमोरी अदा."

मॉडेलचा मला फोन आला. चिडली असती तर बरं झालं असतं. ती एवढंच म्हणाली, "अगं, मी केस पुसत होते."

तेव्हापासून असा कुठलाही फोटो माझ्याकडे लिहायला आला की मी काही गोष्टी ठरवून करते, त्या इथे सांगतेय. कॅप्शन, कॅटलॉग, स्टुडिओची माहितीपत्रकं, दिवाळी अंकातला फोटोफिचर, मॉडेलला पाठवायचे मेसेज, सगळ्याला लागू पडतं, थोडं मागेपुढे करून.

पहिलं काम म्हणजे फोटो समोर ठेवून फ्रेममध्ये दिसतंय त्याची यादी करायची. हाताने, कागदावर. खिडकी, पंचा, पाणी, मणक्याची रेघ, नाडीचा वळ, कोपरावर आलेला उजेड, भिंतीचा उडालेला पोपडा. यात "मादक" कुठे येतं का बघा. नाही येत. कॅमेऱ्याच्या सेन्सरवर मादकता उमटत नाही, उजेड उमटतो. मादक, मोहक, कातिल, घायाळ, दिलखेचक हे सगळं बघणाऱ्याला काय झालं त्याची बातमी आहे, आणि ती बातमी बाईच्या नावावर खपवली जाते. ती केस पुसतेय, घायाळ तुम्ही झालात, मग कॅप्शनमध्ये तुमचं नाव घाला ना.

यादी झाली की त्यातल्या दोन किंवा तीन गोष्टी उचलायच्या, जास्त नाही. त्यातली एक तरी अशी हवी की जी घाईत बघणाऱ्याच्या नजरेतून सुटेल. माझ्या फोटोत ती नाडीचा वळ होती. असा एक बारका तपशील आला की वाचणारा परत फोटोकडे जातो आणि हळू बघायला लागतो, आणि शृंगारिक फोटोला दुसरं काय हवं असतं, कोणीतरी हळू बघणंच हवं असतं.

हे काही मी शोधलेलं नाही. सातवाहन राजा हालाच्या नावावर महाराष्ट्री प्राकृतातल्या गाथांचा जो संग्रह आहे, गाथासप्तशती, त्यात पाणपोईवरची एक गाथा आहे. वाटसरू ओंजळीने पाणी पितोय, डोळे वर, तिच्याकडे, आणि बोटं जरा फाकवलेली, म्हणजे पाणी गळत राहावं आणि प्यायला वेळ लागावा. आणि ती वरून पाणी ओतणारी बाई, ती धार बारीक बारीक करत जाते. संपली गाथा. अंगाचं वर्णन नाही, कपड्यांचं नाही, दोघं एकमेकांशी बोलतसुद्धा नाहीत. फाकवलेली बोटं आणि बारीक झालेली धार, बस. कॅप्शन लिहायला बसताना मी अजूनही ती धार आठवते, कारण आपल्या भाषेच्या आजीपणजीला जे जमत होतं ते आपल्याला "हॉट" लिहून उरकावं लागतंय म्हणजे कमाल आहे.

फोटोतलं उदाहरण हवं असेल तर अमेरिकन फोटोग्राफर एडवर्ड वेस्टनची ढोबळी मिरची घ्या. १९३० सालची, ब्लॅक अँड व्हाइट, पत्र्याच्या नरसाळ्यात ठेवून काढलेली. बघणाऱ्याला त्यात पाठ दिसते, खांदे दिसतात, एकमेकांना बिलगलेली दोन माणसं दिसतात, आणि फोटोचं नाव आहे "पेपर नंबर ३०". मिरची क्रमांक तीस! आता त्याच्याखाली कोणी "आलिंगन" लिहिलं असतं तर? फोटो जागच्या जागी मेला असता. बघणाऱ्याने स्वतः शोधायची गोष्ट तुम्ही आधीच ओरडून सांगितली की त्याला करायला काही उरत नाही.

उलटं उदाहरणही आहे. मॅन रेचा १९२४ चा तो प्रसिद्ध फोटो, बाईच्या उघड्या पाठीवर व्हायोलिनला असतात तशी दोन भोकं रंगवलेली. त्याचं फ्रेंच नाव शब्दशः "अँग्रचं व्हायोलिन", आणि फ्रेंचमध्ये हा वाक्प्रचार आहे, अर्थ छंद. अँग्र हा चित्रकार फावल्या वेळात व्हायोलिन वाजवायचा त्यावरून आला. म्हणजे नाव हुशार आहे, प्रश्नच नाही, पण त्या नावाने बाईचं वाद्य झालं, तेही फावल्या वेळचं, आणि नावात तेव्हा सत्तावन्न वर्षांपूर्वी वारलेल्या चित्रकाराची आठवण आहे पण समोर बसलेल्या मॉडेलची, किकीची, नाही. मला तो फोटो आवडतो. पण शीर्षक शोधताना मी स्वतःला हे विचारते की या नावाने माणसाची वस्तू होतेय का, आणि होत असेल तर ते मला खरंच म्हणायचंय का की फक्त चमकदार वाटलं म्हणून. मराठीत "मोहिनी", "तृष्णा", "अभिसारिका", "रती" ही शीर्षकं इतक्यांदा वापरून झालीत की ती फोटोबद्दल काहीच सांगत नाहीत, फक्त शीर्षक देणाऱ्याला दुसरं काही सुचलं नाही एवढं कळतं. "केस पुसताना" चालतं. "खिडकी, ऑगस्ट" चालतं.

आता मुख्य अडचण, कपडे नसण्याला काय म्हणायचं. मराठीत शब्द भरपूर आहेत आणि प्रत्येकाच्या अंगाला कसलातरी वास लागलेला आहे. "विवस्त्र" हा पेपरातल्या गुन्हेवृत्ताचा शब्द आहे, विवस्त्र अवस्थेत मृतदेह, विवस्त्र करून मारहाण, तो कॅप्शनमध्ये आला की मागून पोलीस येतात. "नागवं" बोलीत सहज येतं पण "नागवणे" म्हणजे लुबाडणे, कर्जात नागवला, भावकीने नागवला, त्यामुळे नागवी म्हटलं की तिचं कोणीतरी काहीतरी काढून घेतलंय असं वाटतं. "अनावृत" ऐकायला भारदस्त, पण माझ्या डोळ्यासमोर लगेच मंत्री दोरी ओढून पुतळ्यावरचा पडदा बाजूला करतात ते येतं, अनावरण सोहळा. "अर्धनग्न" म्हटलं की आंदोलन, कलेक्टर कचेरीसमोरचं. "दिगंबर" देवाला आणि साधूला. "नागडं" लहान पोराला, आंघोळीनंतर घरभर पळणाऱ्या. "न्यूड" हा शब्द आर्ट स्कूलमधून आलाय, न्यूड स्टडी वगैरे, कलेच्या संदर्भात तो बऱ्यापैकी स्वच्छ राहिलाय, पण मोबाइलवर "न्यूड्स" झाल्यापासून त्याचीही पंचाईत झालीय.

राहतो "नग्न". तो सरळ आहे, सोपा आहे, आणि पूर्ण फोटो खरंच नग्नतेबद्दल असेल तर मी तोच वापरते, न लाजता. पण दहापैकी सात वेळा लक्षात येतं की त्या शब्दाची गरजच नव्हती. "पाठ उघडी आहे" म्हटलं की काम होतं. "कंबरेपर्यंत अंगावर काही नाही" म्हटलं की काम होतं. फोटो तर वर आहेच, वाचणारा आंधळा थोडाच आहे. (वाचणारा खरंच आंधळा असेल तर काय, त्यावर पुढे येते.)

यात एक गंमत बघा. कोल्हापूरच्या तालमीतला फोटो असतो, लाल माती, पैलवान लंगोटीवर, अंग घामाने आणि मातीने माखलेलं, मांड्या, पाठ, सगळं दिसतंय. त्याच्याखाली आजवर कोणी "अर्धनग्न पुरुष" लिहिलंय? "उघडाबंब" म्हणू आपण, हसत. तिथे कॅप्शन असतं जोर मारताना, सरावात, दुपारची मेहनत. म्हणजे आपल्याला जमतं की! अंग काय करतंय ते लिहायचं आपल्याला चांगलं जमतं, फक्त अंग बाईचं असलं की हात थरथरतो. म्हणून माझी एक चाचणी आहे, वाक्य लिहिलं की त्यात बाईच्या जागी पैलवान ठेवून बघायचा. "उजेड खांद्यावरून उतरून कंबरेत थांबलाय" हे पैलवानाला चालतं. "तारुण्याने मुसमुसलेला" म्हणून बघा, पैलवान तुम्हाला आखाड्यात बोलावेल.

क्रियापदांकडे लोकांचं लक्षच नसतं, आणि खरा घोटाळा तिथे होतो. पदराचंच घ्या. पदर सरकलाय म्हणजे आपोआप, वाऱ्याने, कामात. पदर सरकवलाय म्हणजे तिने मुद्दाम. पदर ढळलाय म्हटलं की तिच्या चारित्र्यापर्यंत गोष्ट जाते, कारण ढळणं हा शब्द आपण निष्ठा आणि तोल यांच्यासाठी वापरतो. पदर पडला म्हणजे नाटक सुरू झालं. आणि पदर खांद्यावर नाही म्हणजे नाही, एवढंच. पाच वाक्यं, फोटो एकच, आणि पाच वेगवेगळ्या बायका. फोटोत तिने स्वतःहून सरकवला असेल, ते तिचं म्हणणं असेल, तर सरकवलाय लिहा की, त्यात घाबरायचं काय, उलट ते तिच्याकडून काढून घेऊन वाऱ्याच्या नावावर टाकणं हाही अन्यायच. पण ते तुम्हाला माहीत पाहिजे, अंदाजाने नको. फोटोग्राफरला विचारा, मॉडेलला विचारा. आणि "अंगप्रदर्शन" हा शब्द तर डिक्शनरीतून उचलून बाहेर टाका, प्रदर्शन भिंतीवर असतं, तिकीट काढून आत येतो आपण, तरी प्रदर्शन केल्याचा ठपका तिच्यावर.

अवयवांची नावं. इथे दोन टोकं आहेत. एक टोक म्हणजे उरोज, कटी, देहलता, कमनीय बांधा, विभ्रम, असा सगळा संस्कृत पडदा, जुन्या दिवाळी अंकातून आलेला, आणि त्याचा परिणाम असा होतो की साधी मान सुद्धा काहीतरी चोरटी वाटायला लागते. दुसरं टोक म्हणजे इंग्रजीत पळणं. सेक्सी, हॉट, बोल्ड, कर्व्हज. बोल्ड या शब्दाचं तर मराठी मनोरंजन बातम्यांनी असं काही करून ठेवलंय की विचारू नका, मराठमोळ्या अभिनेत्रीचं बोल्ड फोटोशूट, नेटकऱ्यांना फुटला घाम. बोल्ड म्हणजे धीट ना? मग धीटपणाचं कौतुक करतोय की टोमणा मारतोय हे वाचून कळत नाही, आणि न कळणं हीच त्या शब्दाची सोय आहे.

मी मधले शब्द वापरते, घरात डॉक्टरला सांगताना वापरू तसे. पाठ, मान, मांडी, पोटरी, पोट, बेंबी, छाती. स्तन हा शब्द मला उरोजपेक्षा शंभर पटीने बरा वाटतो, स्तनपान म्हणतो आपण, लाजतो का? हासळी हा शब्द विसरत चाललाय, गळ्याखालचं ते आडवं हाड, इतका सुंदर शब्द, आणि साइड लाइटमध्ये सगळ्यात आधी तेच उठून दिसतं. "हासळीच्या खळग्यात सावली साठलीय" असं मी एकदा लिहिलं तर तीन जणांनी विचारलं हासळी म्हणजे काय, विचारू देत. पोटावरचे बाळंतपणाचे वण असतील तर वण लिहा, "मातृत्वाच्या पवित्र खुणा" लिहू नका, तिला पवित्र करायला कोणी सांगितलं होतं? रंगाचंही तेच, गोरीपान लिहायची गरज कधीच नसते, सावळी मात्र लिहावंसं वाटलं तर उजेडाच्या निमित्ताने लिहा, सावळ्या कातडीवर हायलाइट कसा चमकतो ते लिहा, शेवटी विठोबाला आपण प्रेमाने सावळाच म्हणतो.

"सेन्शुअल"ला मराठीत काय म्हणायचं हे मला नेहमी विचारतात. भाषांतराच्या मशीनला विचारलं तर ते कामुक म्हणतं, आणि घाबरट माणसाला विचारलं तर संवेदनशील म्हणतो, दोन्ही चूक. संवेदनशील फोटो म्हणजे दंगलीचा. ऐंद्रिय हा शब्द अचूक आहे पण समीक्षेच्या पुस्तकातच शोभतो. शृंगारिक चांगला आहे, लावणीने तो जिवंत ठेवलाय, पण त्याला समोर कोणीतरी लागतं, शृंगार दोघांचा असतो, भेटीचा नाहीतर विरहाचा. एकटी बाई केस पुसतेय, कोणाची वाट बघत नाहीये, तिला शृंगारिक म्हणणं म्हणजे तिच्या खोलीत एक अदृश्य पुरुष नेऊन बसवणं. त्यामुळे मी बहुतेक वेळा तो शब्दच टाळते आणि थेट इंद्रियाकडे जाते: ओलं, गार, खरखरीत, उबदार, सैल. पंचा खरखरीत आहे हे लिहिलं की वाचणाऱ्याच्या पाठीला कळतं.

आणि ते बुडवार फोटो. लग्नाच्या आधी किंवा चाळिशी-पन्नाशीला स्वतःसाठी असे फोटो काढून घेणाऱ्या बायका आता पुण्या-मुंबईत भरपूर आहेत, स्टुडिओवाल्यांना माहितीपत्रकात काय लिहावं कळत नाही. मूळ फ्रेंच शब्द रुसण्याच्या, गाल फुगवून बसण्याच्या क्रियापदावरून आलाय, म्हणजे बाईने रुसून जाऊन बसायची खोली. आपलं कोपभवन की! कैकेयीला विचारा. मी एका स्टुडिओला सुचवलं होतं की कोपभवन नाव ठेवा, नाही ठेवलं. पण त्यांच्या पत्रकातून "तुमच्या पतीला द्या हॉट सरप्राइज" हे वाक्य मात्र मी काढायला लावलं. येणाऱ्यातल्या निम्म्याअधिक बायका नवऱ्यासाठी आलेल्याच नसतात, हे त्या फोटोग्राफरनेच मला सांगितलेलं होतं, तरी लिहिताना हात तिकडेच वळला.

वयाबद्दल मी काथ्याकूट करत नाही. अठराच्या खालच्या कोणाच्याही फोटोवर या प्रकारातला एकही शब्द नको, फोटो कितीही साधा असो. उमलती कळी, वयात येणारी, अल्लड, षोडशा, काही नको. पोक्सो कायद्यात अठराच्या आतलं प्रत्येक जण मूल आहे. आणि उलट बाजूने, प्रौढ बाईच्या अशा फोटोला कोवळी, निरागस, बाहुली असले शब्द लावू नका, "निरागस मादकता" हे ज्याने पहिल्यांदा लिहिलं त्याच्याशी मला एकदा बोलायचंय.

कायद्याचं थोडं, मी वकील नाही पण लिहिणाऱ्याला एवढं माहीत हवं. छापील अश्लील मजकुरासाठी आधी भारतीय दंड विधानाचं कलम २९२ होतं, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं २९४ आहे, आणि ऑनलाइन गेलं की माहिती तंत्रज्ञान कायद्याचं ६७. टेनिसपटू बोरिस बेकर आणि त्याच्या होणाऱ्या बायकोचा एक नग्न फोटो होता, तिच्या वडिलांनीच काढलेला, जर्मन नियतकालिकात आलेला, तो १९९३ मध्ये आपल्याकडे छापला म्हणून खटला झाला आणि २०१४ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो फोटो अश्लील नाही म्हटलं. कोर्टाने फोटो एकटा काढून नाही बघितला, त्याच्यासोबतचा लेख आणि त्यातला वर्णद्वेषाविरुद्धचा मुद्दा धरून बघितला. म्हणजे शेजारचा मजकूर हा नुसती सजावट नसतो, फोटो कसा वाचायचा ते तो ठरवतो, कोर्टातसुद्धा. मिलिंद सोमण आणि मधू सप्रेची बुटांची ती जाहिरात, अजगरवाली, १९९५ ची, प्रबुद्ध दासगुप्तांनी काढलेली, तिचा खटला मुंबईत २००९ पर्यंत चालला, शेवटी सुटले सगळे, पण चौदा वर्षं गेली. त्याच्या कितीतरी आधी, १९३४ मध्ये, र. धों. कर्व्यांच्या "समाजस्वास्थ्य" मासिकावर अश्लीलतेचा खटला झाला तेव्हा बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील होते, आणि कर्वे तर आडवळण न घेता लिहिणारे, त्यांच्याइतकी सरळ मराठी या विषयात आजही कमी लोक लिहितात.

आणि एक, "अश्लील" हा शब्द आपण अंगाला लावतो पण संस्कृत काव्यशास्त्रात तो शब्दाचा दोष मानलाय. मम्मटाने तीन प्रकार सांगितलेत, ज्याने लाज वाटते ते, ज्याने किळस येते ते, आणि जे अमंगळ वाटतं ते. म्हणजे "कलेवरासारखी निपचित गोरी काया" असं जे कोणी झोपलेल्या मॉडेलच्या फोटोला लिहिलं होतं (मी वाचलंय, छापून आलेलं), तेही अश्लीलच, कपडे असोत नसोत.

आतापर्यंत कमी लिहा म्हणत होते, आता उलटं सांगते. मॉडेलशी बोलताना, शूट ठरवताना, करार करताना काहीच झाकून बोलायचं नाही. कॅप्शनमध्ये हात आखडता पाहिजे आणि करारात जीभ मोकळी, आणि बहुतेक लोक बरोबर याच्या उलट करतात. "बोल्ड शूटसाठी ओपन माइंडेड मुली पाहिजेत, अॅडजस्ट करणाऱ्या" यातला एकही शब्द काही सांगत नाही आणि प्रत्येक शब्द भीती घालतो. त्याऐवजी असं लिहा:

"अठरा वर्षं पूर्ण असलेल्या मॉडेल हव्यात, ओळखपत्र बघितलं जाईल. फोटो पाठमोरे, कंबरेच्या वर कपडे नाहीत, समोरून छाती दिसणार नाही. खोलीत फोटोग्राफर आणि एक स्त्री सहाय्यक, तिसरं कोणी नाही. सोबत कोणाला आणायचं असेल तर आणा. मध्येच थांबायचं वाटलं तर थांबू, कारण सांगावं लागणार नाही. फोटो प्रदर्शनात आणि छापील कॅटलॉगमध्ये जातील, सोशल मीडियावर नाही. मानधन त्याच दिवशी."

कोरडं वाटतं? असू दे कोरडं. ते वाचून जी येते ती सैल खांद्यांनी बसते, आणि मग फोटोत जे येतं ते कुठल्याही विशेषणाने येत नाही. शूट चालू असतानाही तेच, "सेक्सी लुक दे" ही सूचनाच नाही, तिला काय करायचं कळत नाही आणि ओशाळायला मात्र होतं. हनुवटी खिडकीकडे, खांदा सोड, श्वास सोड, असं सांगा, दिशा सांगा, वजन कुठल्या पायावर ते सांगा. आपल्याकडचे बरेच फोटोग्राफर शूटभर "ताई, जरा इकडे बघा" म्हणतात, मला ते आवडतं, पण तोंडाने ताई आणि कॅप्शनमध्ये मोहिनी हे एकाच माणसाला कसं जमतं देव जाणे.

स्क्रीन रीडरवर फोटोचं वर्णन ऐकणाऱ्यांसाठी जो मजकूर देतात, तो शृंगारिक फोटोंना लोक देतच नाहीत किंवा "एक महिला" एवढं लिहून सोडतात. तसं करू नका. दृष्टी नसलेल्या माणसालाही पाठ, पाणी, उजेड यांचा तितकाच हक्क आहे. तिथे मात्र नग्नता असेल तर ती स्पष्ट सांगायची, कारण तिथे वर फोटो नाहीये, कानात इअरफोन नसेल तर बसमध्ये मोठ्याने वाचलं जाईल याचा अंदाज त्याला पहिल्या तीन शब्दांत यायला हवा. "नग्न पाठ, बाई केस पुसतेय, डावीकडून खिडकीचा उजेड" अशा क्रमाने.

लिहून झालं की कोणाला दाखवायचं? काही जण सांगतात आईसमोर मोठ्याने वाचून बघा. मला पटत नाही, माझी आई "पाठ" शब्दालाही उठून गॅस बघायला जाईल. वाचून दाखवायचं ते फोटोतल्या माणसाला. फोटोला दिलेली परवानगी ही मजकुराला दिलेली परवानगी नसते, हे मी त्या कॅटलॉगच्या वेळी शिकले, आणि आता मॉडेल जे संमतिपत्र सही करते त्यात मी एक ओळ घालायला लावते: फोटोसोबत जाणारा मजकूर मी वाचला आहे, त्यात माझ्या संमतीशिवाय बदल होणार नाही. यावर एक-दोन छापणाऱ्यांनी तोंडं वाकडी केली. करू देत.

तोच फोटो पुढच्या वर्षी दुसऱ्या प्रदर्शनात लागला तेव्हा मी नव्याने कॅप्शन लिहिलं आणि पहिलं तिला पाठवलं. "सकाळ. केस पुसताना. कंबरेला नाडीचा वळ आहे, अजून गेलेला नाही." मला वाटलं झकास झालंय.

अर्ध्या तासाने तिचा मेसेज आला, "बाकी छान, पण सकाळ कुठली? शाळा सुटल्यावर तशीच आले होते, तिथेच डोकं धुतलं. सकाळी सकाळी नाडीचा वळ कसा असेल गं?"

संध्याकाळ केलं.